अदृश्य युद्धाचे धर्मशास्त्र

काव्य, कादंबरी, चरित्र, फार तर इतिहास, एवढ्याच ग्रंथांचा परामर्श मासिकाने घ्यावा आणि कायद्याची पुस्तके वकिलांच्या हवाली करावीत, असा एक समज आपल्याकडे रूढ आहे. आम्हांस तो मान्य नाही. कायदा अखेर शब्दांचाच बनलेला असतो. आणि एखादा शब्द किती ताणावा व किती आवळावा यावर जेथे माणसाची मालमत्ता, त्याचे स्वातंत्र्य आणि प्रसंगी त्याचे जीवितही अवलंबून राहते, तेथे त्या शब्दांची पारख दुसऱ्यांवर टाकून सुशिक्षित वाचकाने स्वस्थ बसणे बरे नव्हे. याच समजुतीने आम्ही आज एका कायद्याच्या ग्रंथाचे परीक्षण वाचकांपुढे ठेवीत आहो. ग्रंथाचे नाव ‘तालिन मॅन्युअल २.०’. केंब्रिज विद्यापीठाच्या मुद्रणालयाने तो २०१७ मध्ये प्रसिद्ध केला. संगणकांच्या जाळ्यातून एका राष्ट्राने दुसऱ्यावर केलेल्या आघातास आंतरराष्ट्रीय कायदा कसा लागू पडतो, हा त्याचा विषय. विषय दूरचा वाटेल. पण तो आपल्या घरातील कागदपत्रांच्या पेटीपर्यंत कसा येऊन पोहोचला आहे, हे पुढे दिसून येईल.

प्रथम ग्रंथाच्या जन्माची हकीकत सांगितली पाहिजे. एस्टोनिया हा बाल्टिक समुद्राकाठचा, सुमारे तेरा लाख वस्तीचा चिमुकला देश. सरकारी कारभार संगणकावर आणण्यात त्याने मोठमोठ्या राष्ट्रांस मागे टाकले होते. २००७ च्या मार्चमध्ये संसदेच्या निवडणुकीत मतदारांस इंटरनेटवरून मत देण्याची सोय करून देणारा तो जगातील पहिला देश ठरला. त्याच वर्षी एप्रिलच्या अखेरीस तालिन या राजधानीतील सोव्हिएत सैनिकाचा ब्राँझचा पुतळा सरकारने शहराच्या मध्यभागातून उचलून लष्करी स्मशानभूमीत नेला. रशियन भाषक लोकांत क्षोभ उसळला, रस्त्यांवर दंगल झाली, आणि २७ एप्रिलपासून सुमारे तीन आठवडे देशाच्या संगणकव्यवस्थेवर असंख्य खोट्या मागण्यांचा भडिमार होत राहिला. बँका, वृत्तपत्रे, मंत्रालये, संसद, सर्वांची दारे त्या गर्दीने तुंबून गेली. कोणी मेले नाही, एक भिंतही पडली नाही. तरी काही काळ देशाचा श्वास कोंडल्यासारखा झाला. एस्टोनिया हा नाटो या लष्करी संघाचा सभासद. एका सभासदावरील सशस्त्र हल्ला हा सर्वांवरील हल्ला, असे त्या संघाचे पाचवे कलम म्हणते. पण याला सशस्त्र हल्ला म्हणावयाचे की काय, याचे उत्तर कोणापाशीच नव्हते, आणि ते कलम पुकारले गेले नाही. चौकशीसाठी मागितलेले साहाय्य रशियाने नाकारले. अखेर २००८ मध्ये एका तरुण विद्यार्थ्यास दंड झाला, आणि ज्या प्रकारास काहींनी युद्ध म्हटले होते त्याचा न्यायालयीन हिशेब तेवढ्यावर मिटला.

त्याच वर्षी तालिन येथे नाटोच्या मान्यतेने सायबर-संरक्षणाचे अभ्यासकेंद्र स्थापन झाले, आणि २००९ मध्ये त्या केंद्राने कायदेपंडितांचे एक मंडळ पाचारण केले. अमेरिकेच्या नौदल-युद्ध महाविद्यालयाचे प्राध्यापक मायकेल श्मिट हे त्याचे सूत्रधार. मंडळाची पहिली संहिता २०१३ मध्ये निघाली. तीत ९५ नियम होते आणि तिचा रोख मुख्यतः युद्धकाळाकडे होता. दुसऱ्या आवृत्तीत १५४ नियम असून शांततेच्या काळातील सार्वभौमत्व, राष्ट्रांची जबाबदारी, मानवी हक्क हेही विषय आले आहेत. पहिल्या मंडळात बहुतेक पाश्चात्यच होते असा आक्षेप निघाला, म्हणून दुसऱ्यात चीन, जपान, थायलंड व बेलारूस येथील पंडितांस स्थान मिळाले. शिवाय नेदरलँड्सच्या सरकारने पन्नासांहून अधिक राष्ट्रांच्या प्रतिनिधींस मसुदा दाखवून त्यांची मते घेतली.

ग्रंथाची रचना मराठी वाचकास अपरिचित वाटणार नाही. आधी सूत्रासारखा आटोपशीर नियम, त्याखाली त्याचे भाष्य. नियम सर्वांच्या एकमताने ठरलेला; भाष्यात मात्र बहुमत कोठे गेले, अल्पमताचे म्हणणे काय होते, प्रश्न कोठे अनिर्णीत राहिला, हे प्रामाणिकपणे नमूद केलेले. आपल्या टीकाकारांची पूर्वपक्ष मांडून सिद्धान्ताकडे जाण्याची रीत ज्यांनी पाहिली आहे त्यांस येथे घरी आल्यासारखे वाटेल. ही संहिता कोणत्याही राष्ट्रास बंधनकारक नाही. ती पंडितांचे खाजगी मत आहे, असे ती स्वतःच सांगते. पण एवढ्यावरून तिचे महत्त्व कमी लेखू नये. विज्ञानेश्वराची मिताक्षरा ही तरी कोणा पार्लमेंटाने मंजूर केली होती? ती एका स्मृतीवरील टीका. तथापि मुंबई इलाख्याची न्यायालये वारसाहक्काचे निवाडे तिच्या आधारे देत असत. जेथे कायदा अंधुक असतो तेथे भाष्यच हळूहळू कायदा होऊन बसते. म्हणूनच या भाष्यात एखादी चूक राहिली असेल तर ती आजच दाखविणे इष्ट.

संहितेचा मुख्य आधार एकाच कल्पनेवर उभा आहे. साधन नवे असले तरी परिणाम जुन्या साधनांशी ताडून पाहावा, ही ती कल्पना. तोफेने जो विध्वंस झाला असता तसाच संगणकाच्या आज्ञेने झाला, तर त्यास बळाचा वापर म्हणावे. निकारागुआच्या खटल्यात आंतरराष्ट्रीय न्यायालयाने १९८६ साली आघाताची व्याप्ती व परिणाम यांची जी कसोटी लाविली, तीच येथे घेतली आहे. इराणातील नतान्झच्या अणुकेंद्रात युरेनियम शुद्ध करणाऱ्या यंत्रांचा वेग बिघडवून त्यांचा नाश करणारा ‘स्टक्सनेट’ नावाचा संगणकीय जंतू २०१० मध्ये उघडकीस आला. त्याने सुमारे एक हजार यंत्रे निकामी केली असा जाणकारांचा अंदाज आहे, आणि कोणत्याही राष्ट्राने त्याची जबाबदारी अधिकृतपणे पत्करलेली नाही. हा बळाचा वापर होता याविषयी पहिल्या मंडळात दुमत नव्हते. सशस्त्र हल्ला होता काय, येथे मात्र मते फुटली. एस्टोनियातील प्रकार त्या पायरीस पोहोचत नाही, असाच मंडळाचा कौल पडला.

हा संयम आम्हांस स्तुत्य वाटतो. ‘सायबर-युद्ध’ हा शब्द वृत्तपत्रांतून इतक्या सैलपणे फेकला जातो की, कोणाचे टपाल चोरून वाचले तरी रणदुंदुभी वाजू लागते. सशस्त्र हल्ला हे शब्द एकदा उच्चारले म्हणजे त्यांच्या पाठोपाठ स्वसंरक्षणाचा हक्क येतो, आणि स्वसंरक्षणाच्या पाठोपाठ खरीखुरी क्षेपणास्त्रे. हे दार अरुंद ठेवण्यात मंडळाने शहाणपण दाखविले आहे. शत्रूच्या प्रजेत दहशत पसरविणे हाच ज्याचा मुख्य हेतू, असा सायबर-हल्ला व त्याची धमकीही निषिद्ध ठरविणारा नियम संहितेत आहे, तोही उचित होय.

परंतु हेच माप एका जागी फार तोकडे पडते. युद्ध सुरू झाल्यावर काय करू नये, हे सांगणाऱ्या भागात ‘हल्ला’ या शब्दाची व्याख्या दिली आहे: ज्याने माणसे मरतील वा जखमी होतील, किंवा वस्तूंची नासधूस होईल, असे कृत्य म्हणजे हल्ला. नागरी वस्तूंवर हल्ला करू नये, हा युद्धाचा मूलभूत नियम. मग प्रश्न असा की, संगणकात साठविलेली माहिती, जिला सध्या सर्वत्र डेटा म्हणतात, ती वस्तू आहे की नाही? मंडळाच्या बहुमताने उत्तर दिले: नाही. जे डोळ्यांस दिसते व हातास लागते तीच वस्तू, असा १९७७ च्या जिनिव्हा जादा मसुद्यावरील रेडक्रॉसच्या जुन्या भाष्याचा आशय बहुमताने प्रमाण मानिला. यंत्र बंद पडले व त्याचे भाग बदलल्यावाचून चालेना, तर ते नुकसान. पण यंत्र शाबूत ठेवून आतील नोंदी तेवढ्या पुसून टाकल्या, तर बहुतेकांच्या मते तो हल्लाच नव्हे. रुग्णालयाच्या वैद्यकीय माहितीस वेगळे संरक्षण आहे, हे खरे. परंतु बाकीच्या नोंदी उघड्यावरच राहतात.

हा केवळ पंडितांचा शब्दच्छल नव्हे. १९ डिसेंबर २०२४ रोजी युक्रेनच्या न्यायमंत्रालयाच्या नोंदवह्यांवर मोठा सायबर-आघात झाला. जन्म, मृत्यू, विवाह, घरादारांची मालकी यांच्या नोंदी ज्यात होत्या त्या वह्या सरकारला तात्पुरत्या बंद कराव्या लागल्या, आणि त्या क्रमाक्रमाने पूर्ववत होण्यास जानेवारी उजाडला. युक्रेनने या आघाताचा ठपका रशियावर ठेविला. या प्रकारात एकही तोफ उडाली नाही. पण घर विकणारा थांबला, लग्नाची नोंद करावयास आलेले जोडपे थांबले, वारसाचा दाखला मागणारी विधवा थांबली. माहितीच्या दुसऱ्या प्रती सुरक्षित होत्या म्हणून निभावले. त्याही गेल्या असत्या तर? तर एका राष्ट्रातील लाखो लोक आपण कोणाचे कोण आणि आपले काय, हे सिद्ध करू शकले नसते. आणि संहितेच्या बहुमताने सांगितले असते की, कोणतीही वस्तू मोडलेली नाही.

आपल्या वाचकांनी क्षणभर सातबाऱ्याचा विचार करावा. महाराष्ट्रातील शेतकऱ्याचा जमिनीवरील हक्क आज ज्या उताऱ्याने दिसतो, तो उतारा आता संगणकातून, डिजिटल सहीसह निघतो. पूर्वी तलाठ्याच्या दप्तराला आग लागली तर एका सज्जाची पंचाईत होई, आणि ते दप्तर ही नजरेस दिसणारी, जळणारी वस्तू होती. युद्धकाळात शत्रूच्या बाँबने ते जाणूनबुजून जाळले असते, तर नागरी वस्तूवरील हल्ला म्हणून त्याचा निषेध करण्यास संहितेचा कोणताही पंडित मागेपुढे पाहता ना. तेच दप्तर संगणकात गेले, म्हणजे अधिक व्यापक व अधिक नाजूक झाले. आणि नेमके त्याच क्षणी कायद्याच्या छत्राबाहेर पडले! वस्तू अधिक मोलाची होताच तिचे संरक्षण कमी व्हावे, हा अर्थ कोणत्याही व्याख्याशास्त्रास शोभणारा नाही. कागद जळाला तर नुकसान, अक्षरे पुसली तर नाही, असे म्हणणे म्हणजे पोथीचे मोल भूर्जपत्रावरून ठरविण्यासारखे होय.

मंडळातील अल्पमताने हा धोका ओळखला होता. कराच्या नोंदी, बँकेतील खाती, वृद्धांच्या निवृत्तिवेतनाच्या याद्या यांसारख्या माहितीचा नाश मोकळा सोडला तर युद्धकायद्याचा मूळ उद्देशच विफल होतो, असा त्यांच्या म्हणण्याचा भावार्थ आहे. फ्रान्सच्या संरक्षण मंत्रालयानेही २०१९ मध्ये नागरिकांची, बँकांची व रुग्णालयांची माहिती संरक्षणास पात्र आहे, असे मत प्रसिद्ध केले. उलट इस्राएल व डेन्मार्क यांचा कल संहितेच्या बहुमताकडे आहे.

बहुमताच्या बाजूने जो उत्तम युक्तिवाद करता येतो तो आम्ही लपवू इच्छीत नाही. माहितीस वस्तू म्हटले की युद्धातील प्रत्येक संगणकीय खोडी ‘हल्ला’ ठरेल. शत्रूच्या प्रचाराचे एखादे पान पुसणे आणि रुग्णवाहिका उडविणे यांस एकच नाव मिळेल. आणि नियम इतके जड होतील की कोणीच ते पाळणार नाही. आक्षेप वजनदार आहे, पण तो दोन निरनिराळ्या प्रश्नांची गल्लत करतो. युद्ध पुकारण्यास पुरेसे कारण कोणते, हा एक प्रश्न. युद्ध चालू असता कोणास हात लावू नये, हा दुसरा. पहिल्याचे दार अरुंद ठेवूनही दुसऱ्याचे छत्र रुंद करता येते. भीष्मपर्वाच्या आरंभी कौरवपांडवांनी जे नियम ठरविले त्यांत सारथी, भार वाहणारे, शंख व नौबत वाजविणारे यांस मारू नये असे होते. त्यामुळे युद्ध करण्याची कारणे वाढली नाहीत. केवळ मरणाऱ्यांची संख्या कमी व्हावी एवढाच हेतू होता. तो हेतू रात्रीच्या अंधारात अश्वत्थाम्याने कसा पायदळी तुडविला, हे सर्वश्रुत आहे. परंतु त्याच्या कृत्यास अधर्म म्हणता आले ते नियम आधी सांगितलेला होता म्हणूनच. सर्वच माहितीस नको, तर ज्या नोंदींवर सामान्य माणसाचे नाव, नाते व निर्वाह अवलंबून आहे तेवढ्यांस तरी वस्तूचा दर्जा द्यावा, इतकेच आमचे मागणे आहे.

त्यास आधारही जुनाच सापडतो. १८९९ च्या हेग परिषदेत फ्योदोर मार्टेन्स या कायदेपंडिताच्या सूचनेवरून असे ठरले की, तहनाम्यात ज्याचा उल्लेख राहून गेला असेल त्या बाबतीतही लोक निराधार होत नाहीत. माणुसकीचे नियम व जनतेची सदसद्विवेकबुद्धी यांचे संरक्षण त्यांस असतेच. हा मार्टेन्स त्या वेळी रशियाच्या झारचा प्रतिनिधी होता. आणि तो जन्मला होता आजच्या एस्टोनियात, पर्नू गावी. ज्या भूमीने हे कलम देणारा पंडित दिला, तिच्याच राजधानीच्या नावाने निघालेल्या संहितेने हे कलम मान्य करूनही नोंदवह्यांपाशी त्याचा उपयोग करू नये, याचे आम्हांस नवल वाटते.

‘युद्ध’ या शब्दाचा अर्थ ठरविण्याचे काम केवळ सेनापतींकडे नसते, हेही अलीकडे दिसून आले आहे. २७ जून २०१७ रोजी युक्रेनमधील हिशेबाच्या एका सॉफ्टवेअरमधून ‘नॉटपेट्या’ नावाचा जंतू सुटला आणि काही तासांत जगभर पसरला. मर्स्क या डॅनिश जहाजकंपनीस सुमारे ४,००० सर्व्हर व ४५,००० संगणक नव्याने सिद्ध करावे लागले. आपल्या न्हावाशेव्याच्या जवाहरलाल नेहरू बंदरातील त्या समूहाच्या धक्क्यावरही माल अडकून पडला. अमेरिका व ब्रिटन यांनी २०१८ मध्ये याचे खापर रशियाच्या लष्करावर फोडले. मर्क या औषधकंपनीने सुमारे १४० कोटी डॉलरांच्या नुकसानीची भरपाई विमेवाल्यांकडे मागितली, तेव्हा त्यांनी युद्धजन्य नुकसान विम्यात येत नाही या कलमाकडे बोट दाखविले. न्यू जर्सीच्या न्यायालयाने २०२१ मध्ये व अपील न्यायालयाने २०२३ मध्ये तो बचाव फेटाळला. त्या कलमातील शब्दांचा सामान्य माणूस जो अर्थ घेईल त्यात हा प्रकार बसत नाही, असा निकालाचा इत्यर्थ. पुढे २०२४ च्या आरंभी प्रकरण तडजोडीने मिटले. एका जंतूस मुत्सद्द्यांनी लष्करी कृत्य म्हणावे आणि न्यायाधीशाने युद्ध म्हणू नये, हे दोन्ही एकाच वेळी खरे असू शकते. शब्द संदिग्ध राहिला की त्याची किंमत कोणीतरी रोख मोजतो, एवढा बोध मात्र त्यातून घ्यावा.

संहितेचे दुसरे व्यंग पुराव्याविषयी आहे. एखाद्या राष्ट्रावर आघाताचा आरोप ठेवून प्रत्युपाय योजण्यापूर्वी त्या राष्ट्राने आपला पुरावा जाहीर केलाच पाहिजे, असे कायदा सांगत नाही, असे मंडळाचे मत आहे; जाहीर करणे शहाणपणाचे, एवढेच ते म्हणते. आजच्या कायद्याचे हे वर्णन म्हणून चुकीचे नसेल, पण येथे भाष्यकारांनी अधिक आग्रह धरावयास हवा होता. मुंबईकरांस १२ ऑक्टोबर २०२० ची सकाळ आठवत असेल. वीज गेली, लोकलगाड्या जागच्या जागी उभ्या राहिल्या. २०२१ च्या फेब्रुवारीअखेर एका अमेरिकन कंपनीने चिनी हस्तकांनी भारताच्या वीजव्यवस्थेत शिरकाव केल्याचा अहवाल काढला. मार्चमध्ये राज्याच्या गृहमंत्र्यांनी घातपाताचा संशय बोलून दाखविला. आणि केंद्रीय ऊर्जामंत्र्यांनी, शिरकावाचे प्रयत्न झाले असले तरी वीज गेली ती मानवी चुकीने, असे सांगितले. एकाच अंधाराची ही दोन स्पष्टीकरणे. नागरिकाने कोणते मानावे? ज्या आरोपाचे पर्यवसान दोन अण्वस्त्रधारी राष्ट्रांच्या वैरात होऊ शकते, त्याचा पुरावा पारखण्याची सर्वमान्य रीत आज जगात नाही. गुन्ह्यांच्या तपासात राष्ट्रांनी परस्परांस साहाय्य करावे म्हणून २००१ चा बुडापेस्ट करार आहे, पण भारत त्यात सामील झालेला नाही. संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने डिसेंबर २०२४ मध्ये नवा करार स्वीकारला आहे. पण हे करार चोरदरोडेखोरांसाठी. चोर स्वतःच एखादे राज्य असेल तर दार कोणी ठोठवावयाचे?

आता आपल्या घराकडे वळू. तालिनच्या संहितेचे माप तोकडे, तर आपल्या कायद्याचे माप ढगळ, असे आम्हांस खेदाने म्हणावे लागते. माहिती तंत्रज्ञान अधिनियमातील ६६ फ हे कलम सायबर-दहशतवादाची व्याख्या देते व त्यास जन्मठेपेपर्यंत शिक्षा सांगते. मुंबईवरील २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यास महिनाही झाला नव्हता, तेव्हा डिसेंबरात ही दुरुस्ती संसदेत जवळजवळ चर्चेवाचूनच संमत झाली, आणि २७ ऑक्टोबर २००९ पासून अमलात आली. कलमाचे दोन भाग आहेत. पहिला भाग चांगला आहे, किंबहुना एका बाबतीत तो तालिनच्या पंडितांहून दूरदर्शी आहे. देशाच्या अखंडतेस धोका आणण्याच्या वा लोकांत दहशत पसरविण्याच्या हेतूने संगणकावर आघात करून जो मृत्यू, इजा वा मालमत्तेचा नाश घडवितो, त्याच्याच पंक्तीस समाजाच्या जीवनास आवश्यक असा पुरवठा व सेवा खंडित करणाऱ्यासही हा भाग बसवितो. वस्तू फुटलीच पाहिजे असा हट्ट येथे नाही. नोव्हेंबर २०२२ मध्ये दिल्लीच्या एम्स रुग्णालयाची संगणकव्यवस्था कोलमडून रुग्णांची नोंदणी हाताने करण्याची पाळी आली, तेव्हा दिल्ली पोलिसांनी याच कलमाखाली गुन्हा नोंदविला.

दुसरा भाग मात्र वाचून मन साशंक होते. परवानगीवाचून प्रतिबंधित माहिती मिळविणारा, आणि तिचा उपयोग काही विशिष्ट हितांस बाध आणण्याकडे होईल असे मानण्यास ज्यास कारण आहे तो, सायबर-दहशतवादी ठरतो. ही हिते कोणती? देशाचे सार्वभौमत्व, परराष्ट्रांशी मैत्री, येथवर ठीक. पण त्याच यादीत सभ्यता व नीती, न्यायालयाचा अवमान, आणि बदनामीसुद्धा आहे! संविधानाच्या १९ व्या अनुच्छेदात भाषणस्वातंत्र्यावर वाजवी निर्बंध घालण्यासाठी जी कारणे दिली आहेत, त्यांतील बहुतेक येथे आणून दहशतवादाच्या व्याख्येत बसविली आहेत. निर्बंधाचे कारण वेगळे, आणि जन्मठेपेच्या गुन्ह्याचे लक्षण वेगळे, हा विवेक मसुदा करणाऱ्यास राहिला नाही. एखाद्या अधिकाऱ्याची लबाडी उघड व्हावी म्हणून बंदिस्त कागद मिळविणारा बातमीदार कायदा मोडीत असेल, त्यास त्याची योग्य शिक्षाही असेल. पण विजेचे जाळे पाडून शहर अंधारात लोटणाऱ्याच्या रांगेत त्यास उभे करणे हे न्यायास धरून नाही. असे प्रत्येक वेळी घडेल असे आमचे म्हणणे नाही. पण कायद्याचे शब्द तसे घडू देतात, एवढेच भीतीस पुरे आहे. याच दुरुस्तीने आलेले ६६ अ हे कलम त्याच्या शब्दांच्या सैलपणामुळेच सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१५ मध्ये श्रेया सिंघल खटल्यात रद्दबातल केले. त्याच्या या भावंडाची तशी तपासणी होणे अगत्याचे आहे.

दोन्ही मजकूर शेजारी ठेवून वाचले म्हणजे त्यांतील उणीव एकच असल्याचे ध्यानात येते. तालिनच्या पंडितांनी जुना शब्द जुन्याच अर्थात घट्ट धरून ठेविला, म्हणून नवे नुकसान त्यात मावले नाही. आपल्या मसुदेकारांनी भयाच्या क्षणी हाताशी येतील ते शब्द एकत्र बांधले, म्हणून नको ते त्यात शिरले. नुकसान नेमके कोणाचे व कसले होते, या प्रश्नापासून दोघांनीही आरंभ केला नाही. तो केला असता तर पहिल्याने नोंदवह्या आत घेतल्या असत्या आणि दुसऱ्याने बदनामी बाहेर ठेविली असती.

उणिवा दाखविल्या तरी संहितेचा आमच्या मनातील आदर कमी झालेला नाही. अल्पमत छापून ठेवणारा ग्रंथ आपल्या सुधारणेची वाट स्वतःच मोकळी ठेवतो. तिसऱ्या आवृत्तीचे काम २०२१ मध्ये सुरू झाले आहे, आणि त्यात हे अल्पमत बहुमत होईल अशी आशा करण्यास जागा आहे. मधल्या काळात फ्रान्सखेरीज जर्मनी, जपान, ब्राझील यांनी, आणि २०२४ मध्ये आफ्रिकी राष्ट्रांच्या संघानेही, सायबर-आघातांस कायदा कसा लागू पडतो याविषयी आपापली भूमिका लेखी प्रसिद्ध केली आहे. ज्या देशातील कोट्यवधी लोकांचे नाव, जमीन व शिधा संगणकातील नोंदीवर अवलंबून आहे, त्या भारताने नोंदवह्यांच्या संरक्षणाची बाजू जगापुढे ठामपणे मांडावी. आणि ती मांडण्याचा अधिकार अंगी यावा म्हणून आधी घरच्या कलमातील ढगळ भाग बेतून घ्यावा. वाचकांस आमची एवढीच विनंती की, पुढील वेळी वृत्तपत्रात ‘सायबर-युद्ध’ किंवा ‘सायबर-दहशतवाद’ हा मथळा दिसला, तर घाबरण्यापूर्वी त्यांनी दोन गोष्टी विचाराव्यात: नुकसान कोणाचे झाले, आणि ते कोणी केले याचा पुरावा काय? हे प्रश्न विचारणारा समाज असेल तर कायदा करणाऱ्यांस आपले शब्द जपून वापरावेच लागतील.